नेटवर्कवरून बूट होत नसेल तर: गावच्या कॉम्प्युटर लॅबसाठी मार्गदर्शन

मे महिना होता. यवतमाळ जिल्ह्यातल्या एका गावची शाळा, पत्र्याच्या छताची लॅब, वीस कॉम्प्युटर. सुट्या संपायच्या आत सगळ्यांवर नवी ऑपरेटिंग सिस्टिम टाकून द्यायची होती. पेन ड्राइव्ह घेऊन एकेकापुढे बसलो असतो तर दोन दिवस गेले असते. म्हणून लॅपटॉपवर सर्व्हर लावला आणि सगळे नेटवर्कवरून बूट करायला घेतले. अकरा झाले. नऊ झाले नाहीत. मुख्याध्यापक बाजूलाच उभे होते. म्हणाले, "भाऊ, अकरा होऊन राह्यले, तं हे नऊ काहून नाही होत?"

प्रश्न बरोबर होता, पण उत्तर एक नव्हतं. त्या नऊपैकी तिघांची वायर गेली होती, चौघांना चुकीची फाइल जात होती, एकाचा बायोसचा (मशीन चालू होताच सगळ्यात आधी चालणारा मदरबोर्डवरचा प्रोग्राम) सेल संपला होता आणि एकाचा लॅन पोर्ट, म्हणजे नेटवर्कची वायर लावायची जागा, जळलेला होता. नवख्या माणसाला मात्र नऊही ठिकाणी सारखंच दिसतं. काळा पडदा, पांढरी अक्षरं, आणि शेवटी बूट डिव्हाइस सापडलं नाही असा निरोप. मग तो सर्व्हर पुन्हा इन्स्टॉल करायला घेतो, चांगले चाललेले अकराही बंद पडतात आणि दिवस मावळतो.

पहिल्यांदाच लॅब लावणाऱ्यांसाठी हे लिहितो आहे. शाळेतले शिक्षक असोत किंवा तालुक्याच्या गावी रिपेअरिंगचं दुकान टाकलेली पोरं असोत, एकच सवय लावून घ्या: कॉम्प्युटर जिथे थांबला, तिथूनच शोधायला सुरुवात करायची. तो कुठे थांबला हे तो स्वतःच पडद्यावर लिहून सांगतो. हे निरोप इंग्रजीत येतात, मी इथे देवनागरीत देतो आहे.

आधी साखळी समजून घ्या

नेटवर्कवरून बूट होण्याच्या या पद्धतीला पीएक्सई म्हणतात. ती इंटेलने आणली आणि तिची २.१ ही आवृत्ती १९९९ सालची आहे. आश्रमशाळेत पहिल्यांदा आलेलं पोरगं डोळ्यांपुढे आणा. त्याला कोणाचं नाव माहीत नाही, खोली माहीत नाही. फाटकात उभं राहून ते मोठ्याने विचारतं, "कोणी आहे का?" अधीक्षक म्हणतात, "तुझी खोली १२." मग कोणीतरी सांगतं, "पुस्तक हवं असेल तर भांडारात जा आणि अमुक नावाचं माग." पोरगं भांडारात जातं, पुस्तक घेतं, उघडतं आणि पुढचं काय करायचं ते त्यात वाचतं.

कॉम्प्युटरही असंच करतो. वायर जिवंत आहे का बघतो. मग सगळ्या नेटवर्कला हाक मारतो, डीएचसीपी सर्व्हर त्याला आयपी पत्ता देतो. त्याच उत्तरात, किंवा शेजारच्या दुसऱ्या सर्व्हरकडून, त्याला भांडाराचा पत्ता आणि फाइलचं नाव कळतं. ती छोटी फाइल तो टीएफटीपीने, म्हणजे नेटवर्कवरून फाइल उतरवायच्या एका साध्या पद्धतीने, उतरवून घेतो. फाइल चालू झाली की ती स्वतः पुन्हा नेटवर्क सुरू करते आणि लिनक्सचा कर्नल, म्हणजे त्याचा गाभा, किंवा विंडोजची छोटी आवृत्ती मागवते. त्यानंतर कुठे खरी इमेज, म्हणजे सगळं भरून तयार ठेवलेल्या डिस्कची नक्कल, हार्ड डिस्कवर उतरायला लागते.

पाच-सहा कड्या आहेत. तुमच्यापुढचा कॉम्प्युटर यातल्या एकाच कडीवर अडलेला असतो. आयपी मिळाला असेल तर वायरकडे बघण्यात अर्थ नाही, आणि आयपीच मिळाला नसेल तर सर्व्हरवरच्या फाइलची नावं तपासणं व्यर्थ आहे.

हात लावण्याआधी

पहिलं काम जुन्या डेटाचं. इमेज टाकली की डिस्कवरचं सगळं पुसलं जातं, परत येत नाही. लॅबच्या कॉम्प्युटरवर मुलांची चित्रं असतात, ती ठीक. पण बऱ्याच गावांत कार्यालयाचा कॉम्प्युटर लॅबच्याच स्विचला, म्हणजे नेटवर्कच्या सगळ्या वायरी जिथे येतात त्या डबीला, जोडलेला असतो आणि त्यावर निकालपत्रकं असतात, दाखले असतात, कित्येक वर्षांच्या याद्या असतात. त्याची वायर स्वतःच्या हाताने काढा आणि लिपिकांना सांगून ठेवा. मग लॅबच्या प्रत्येक मशीनवर काय आहे ते मुख्याध्यापकांसमोर उघडून बघा. हे मी कधीच गडबडीत करत नाही.

दुसरं, प्रत्येक मशीनवर चिकटपट्टी लावून स्केचपेनने नंबर टाका. वहीच्या एका पानावर नंबर, पडद्यावरची शेवटची ओळ आणि आपण काय बदललं एवढंच लिहीत जा. दुपारी तीन वाजता, कूलरच्या आवाजात, सातव्या मशीनचं काय झालं होतं ते आठवत नाही.

तिसरं, निरोप दोन सेकंदांत निघून जातो. मोबाइलवर पडद्याचा व्हिडिओ काढा आणि थांबवून वाचा. माझी निम्मी कामं या एका गोष्टीने सोपी झाली आहेत.

वायर, पोर्ट, स्विच

जुन्या बायोसवर "पीएक्सई-ई६१, मीडिया टेस्ट फेल्युअर, चेक केबल" असं आलं, किंवा नव्या मशीनवर मीडिया सापडत नाही असं आलं, तर कॉम्प्युटर पहिल्याच कडीवर आहे. लॅन पोर्टजवळचा छोटा दिवा बघा. मग स्विचवर त्याच वायरचा दिवा बघा. दोन्ही बंद असतील तर चालू असलेल्या शेजारच्या मशीनची वायर काढून याला लावून बघा. चालला, तर दोष वायरमध्ये किंवा स्विचच्या त्या पोर्टमध्ये. नाही चालला, तर दोष मशीनमध्ये. एका वेळी एकच गोष्ट बदला. वायर आणि पोर्ट दोन्ही एकदम बदलले तर कशाने चाललं ते कळत नाही, आणि पुढच्या मशीनला पुन्हा तिथूनच सुरुवात करावी लागते.

त्या तीन वायरींचं सांगतो. टेबलामागे भिंतीलगत त्या एकत्र बांधून टाकल्या होत्या. बाहेरून वायर धड दिसत होती. बोटाने चाचपत गेलो तर एका जागी खरखरीत लागली. मोबाइलच्या टॉर्चमध्ये पाहिलं, तर निळ्या आवरणावर लहान लहान दातांच्या खुणा, आत पांढरा-हिरवा धागा अर्धा कुरतडलेला आणि तांब्याचं टोक चमकत होतं. उंदीर. शेजारच्या खोलीत पोषण आहाराचा तांदूळ होता. तेव्हापासून मी वायर डोळ्यांनी तपासत नाही, बोटांनी तपासतो, आणि शाळेला वायर भिंतीवरून पट्टीत न्यायला सांगतो.

नवा कनेक्टर मारताना रंगांचा क्रम दोन्ही टोकांना सारखा ठेवा: पांढरा-नारिंगी, नारिंगी, पांढरा-हिरवा, निळा, पांढरा-निळा, हिरवा, पांढरा-तपकिरी, तपकिरी. १०० एमबीपीएसला यातले पहिले, दुसरे, तिसरे आणि सहावे असे चारच धागे लागतात. गिगाबिटला, म्हणजे १००० एमबीपीएसला, आठही लागतात. त्यामुळे एखादी वायर जुन्या स्विचवर वर्षानुवर्षं चालते आणि नवा गिगाबिट स्विच आणला की कुरकुर करते. स्विच खराब आला असं समजून तो परत करू नका, आधी वायर बघा. आणि एका वायरची लांबी १०० मीटरच्या आत ठेवा. मुख्य इमारतीतून मैदानापलीकडच्या लॅबमध्ये नेलेल्या वायरी बऱ्याचदा या मर्यादेच्या काठावर असतात.

स्विचवरचे सगळे दिवे एकाच लयीत, वेड्यासारखे लुकलुकत असतील तर वेगळीच गोष्ट आहे. कोणीतरी एका वायरची दोन्ही टोकं त्याच स्विचमध्ये घातली आहेत. झाडलोट करताना सुटलेली वायर रिकाम्या भोकात चांगल्या मनाने घातली जाते. निरोप फिरून फिरून नेटवर्क भरून जातं आणि कोणालाच आयपी मिळत नाही. ती एक वायर काढा, मिनिटभरात सगळं शांत होतं.

पावसाळ्याच्या सुरुवातीला, मृगाच्या विजा होऊन गेल्यावर लॅब उघडली असेल आणि ओळीने तीन-चार पोर्ट मेलेले दिसले, तर वायरीत शोधत बसू नका. वीज लांब वायरीतून आत आलेली असते. ते पोर्ट संपले.

बायोसमध्ये काय बघायचं

मशीन नेटवर्ककडे बघतच नसेल, थेट जुनी विंडोज किंवा बूट डिव्हाइस नसल्याचा निरोप दाखवत असेल, तर बायोसमध्ये जा. एफ२, डिलीट किंवा एफ१० दाबून बहुतेक मशीन आत घेतात. डेल आणि लेनोव्होवर एफ१२ ने बूट मेनू येतो. एचपीच्या डेस्कटॉपवर मेनूसाठी एफ९ आणि थेट नेटवर्कसाठी एफ१२. एसरवर एफ१२ चा मेनू आधी बायोसमधून चालू करावा लागतो.

आत दोन गोष्टी शोधा. लॅन कार्ड चालू आहे का, आणि त्याचा बूट रॉम किंवा "नेटवर्क स्टॅक" चालू आहे का. नव्या मशीनमध्ये आयपीव्ही४ चं पीएक्सई वेगळं चालू करावं लागतं. नुसता क्रम बदलून भागत नाही.

आता तो सेल. १४ नंबरच्या मशीनमध्ये मी सेटिंग केली, सेव्ह केली, नेटवर्कवर गेलं. तेवढ्यात लाइन गेली. आली तेव्हा मशीन पुन्हा जुन्याच जागी. पुन्हा सेटिंग, पुन्हा लाइन गेली, पुन्हा तेच. बायोसमधली तारीख बघितली तर कित्येक वर्षं मागे गेलेली. मदरबोर्डवर नाण्याएवढा सेल असतो, सीआर २०३२, तीन व्होल्टचा. तो संपला की बऱ्याच मशीनमध्ये मुख्य वीज गेल्याबरोबर सेटिंग पुसली जाते. प्लग चालू असतो तेव्हा मशीन बंद असलं तरी घड्याळाला विजेवरून आधार मिळतो. आपल्याकडे शाळेचं मेन स्विच संध्याकाळी पाडतात, भारनियमन असतं, उन्हाळ्यात दीड महिना लॅबला कुलूप असतं. तेवढा सगळा भार त्या सेलवर येतो, म्हणून तो शहरापेक्षा लवकर संपतो. घड्याळाच्या दुकानात सेल मिळतो. लॅब लावायला निघताना मी पाच तरी खिशात ठेवतो.

आयपी मिळत नाही

जुन्या मशीनवर "डीएचसीपी" असं लिहून त्यापुढे ठिपके येत राहतात, शेवटी एक छोटी रेघ गोल फिरत असते. ती फिरून फिरून थकली की "पीएक्सई-ई५१" येतो: कोणीच पत्ता दिला नाही. नव्या युईएफआय (बायोसच्या जागी आलेला नवा प्रकार) मशीनवर हाच निरोप "पीएक्सई-ई१६" म्हणून येतो. ई५२ म्हणजे फाइल सांगणारा भेटला, पण आयपी देणारा भेटला नाही. ई५३ त्याच्या उलट: आयपी मिळाला, पण फाइलचं नाव कोणी सांगितलं नाही.

ई५१ साठी आधी एक साधा लॅपटॉप त्याच वायरीला लावा. त्याला १६९.२५४ ने सुरू होणारा पत्ता मिळाला तर त्यालाही कोणी उत्तर देत नाही. म्हणजे डीएचसीपीची सेवा बंद आहे, किंवा सर्व्हर दुसऱ्याच नेटवर्कवर बसला आहे. लॅपटॉपला सर्व्हर करणाऱ्यांची नेहमीची चूक म्हणजे सेवा वायफायवर ऐकत असते आणि लॅब वायरीवर असते. लॅपटॉपला बरोबर आयपी मिळतो आणि कॉम्प्युटरला मिळत नाही, असं असेल तर स्विचकडे बघा.

कोणाकडून दान आलेला, ऑफिसात वापरलेला मॅनेज्ड स्विच, म्हणजे ज्यात आतून सेटिंग करता येते असा, असेल तर त्यात स्पॅनिंग ट्री नावाची सोय असते. वायरींचा फेरा होऊ नये म्हणून तो नवीन जोडलेला पोर्ट जुन्या पद्धतीत ३० सेकंद अडवून ठेवतो. तेवढ्यात कॉम्प्युटरचा धीर संपतो. पोर्टवर पोर्टफास्टची, म्हणजे पोर्ट न अडवता लगेच चालू करायची, सेटिंग करणं हा नीट उपाय. पण स्विचचा पासवर्ड दान देणाऱ्याकडेच राहिलेला असतो. मग मशीन आणि त्या स्विचच्या मध्ये एक साधा आठ पोर्टचा स्विच लावा. साधा स्विच सतत चालू राहतो, मोठ्या स्विचला पोर्ट पडला-उठला असं दिसतच नाही आणि तीस सेकंदांची अडचण येत नाही. पंधरा दिवस डोकं खाणारा दोष असा पाच मिनिटांत ओळखता येतो.

एका नेटवर्कवर दोन अधीक्षक

गावात आता फायबरचं इंटरनेट आलं आहे आणि त्याच्या राउटरमध्ये डीएचसीपी आधीच चालू असतो. तुम्ही आपला सर्व्हर लावता, तोही डीएचसीपी देतो. आता एका फाटकावर दोन अधीक्षक. ज्याचं उत्तर आधी ऐकू आलं त्याचं पोरगं ऐकतं. म्हणून कधी आठ मशीन चालतात, कधी पाच, आणि त्याच मशीनवर दुसऱ्यांदा केलं तर वेगळंच होतं. दोष असा जागा बदलत असेल तर पहिला संशय इथे घ्या. जुन्या बायोसच्या पडद्यावर आयपी मिळाल्यावर "डीएचसीपी आयपी" अशी एक ओळ येते. उत्तर कोणी दिलं त्याचा पत्ता तिथे असतो. तो तुमच्या सर्व्हरचा आहे की राउटरचा, एवढंच बघा.

उपाय दोन आहेत. पहिला, काम चालू असेपर्यंत राउटरची वायर लॅबच्या स्विचमधून काढून टाका, आयपीही आपल्या सर्व्हरनेच द्यायचा. पहिल्यांदा करणाऱ्याने हेच करावं असं माझं मत आहे. मात्र काम संपल्यावर सर्व्हरचा डीएचसीपी बंद करून मगच राउटर जोडायचा. मी एकदा हे विसरलो होतो. संध्याकाळी निघून आलो, दुसऱ्या दिवशी त्या शाळेत प्रवेशाचे फॉर्म भरायचे होते आणि निम्म्या मशीनना इंटरनेट नव्हतं. पालक रांगेत उभे होते. चाळीस किलोमीटर परत जावं लागलं. त्या दिवसापासून हे काम माझ्या वहीच्या पानावर शेवटच्या ओळीत आधीच लिहिलेलं असतं.

दुसरा उपाय प्रॉक्सी डीएचसीपीचा. राउटर आयपी देत राहतो, तुमचा सर्व्हर फक्त फाइलचं नाव सांगतो. लिनक्सवर डीएनएसमास्क हा छोटा प्रोग्राम हे काम करतो. घरगुती राउटरमध्ये ६६ आणि ६७ नंबरचे पर्याय, म्हणजे बूट सर्व्हर आणि फाइलचं नाव, भरायची सोय बहुधा नसते. तेव्हा नेहमीच्या इंटरनेटला धक्का लागू द्यायचा नसेल तर हाच रस्ता.

फाइल येते, पण पुढे काही होत नाही

चुकीची फाइल जात होती ते चार मशीन इथले. नव्या मशीनवर नीट वाचलं तर ओळीने दिसतं: स्टेशनचा आयपी, सर्व्हरचा आयपी, फाइलचं नाव, फाइलचा आकार. आणि मग फाइल यशस्वीपणे उतरली असंही येतं. मन खूश होतं. दुसऱ्याच क्षणी मशीन बूट मेनूवर परत. नवखा माणूस इथे सर्वांत जास्त गोंधळतो, कारण चूक असल्याचं कोणी म्हणतच नाही.

कारण असं आहे. जुना बायोस आणि नवा युईएफआय हे दोन वेगळे प्रकार आहेत आणि त्यांना चालणारी बूट फाइल वेगळी असते. नेटवर्कवरून इमेज टाकायची फॉग नावाची फुकट मिळणारी प्रणाली वापरत असाल तर जुन्या बायोसला अनडिओन्ली नावाची फाइल जाते आणि युईएफआयला आयपीएक्सई ईएफआय. विजारीचं माप सदऱ्याला लावल्यासारखं होतं, माल बरोबर येतो पण अंगात जात नाही. पर्याय ६७ मध्ये एकच नाव भरून ठेवलं असेल तर एका प्रकारची मशीन चालतात आणि दुसऱ्या प्रकारची परत फिरतात. गावच्या लॅबमध्ये काही कॉम्प्युटर जुन्या योजनेतले, काही देणगीतले, काही मागच्या वर्षीचे असतात. तिथे हे होणारच.

कॉम्प्युटर हाक मारताना आपला प्रकारही सांगतो, पर्याय ९३ मध्ये. ० म्हणजे जुना बायोस, ७ म्हणजे ६४ बिटचा युईएफआय, काही मशीन ९ सांगतात. सर्व्हरला हा आकडा बघून फाइल द्यायला शिकवा. ते जमत नसेल आणि वेळ कमी असेल तर मशीनच्या बायोसमध्ये जाऊन सगळे एकाच प्रकारावर आणा. पण मग इमेजही त्याच प्रकारात तयार केलेली हवी, नाही तर ती उतरेल आणि डिस्कवरून बूट होणार नाही.

इथेच आधी ठरवायची एक गोष्ट. विंडोज १० ला मायक्रोसॉफ्टने दिलेला नेहमीचा आधार १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला. विंडोज ११ ला युईएफआय, टीपीएम २.० (सुरक्षेची चिप), ४ जीबी रॅम आणि ६४ जीबी डिस्क लागते. जुनी मशीन त्यात बसत नाहीत. त्यांच्यावर लिनक्स टाका, मुलांना त्यात मराठी टायपिंग, इंटरनेट, गणिताचे खेळ सगळं मिळतं. म्हणजे लॅबमध्ये दोन इमेज होतील, त्याची तयारी घरूनच करून निघा.

फाइल उतरल्यावर सुरक्षेच्या उल्लंघनाचा किंवा प्रवेश नाकारल्याचा निरोप आला तर सिक्युअर बूट अडवतो आहे. सही नसलेली बूट फाइल तो चालू देत नाही. बायोसमध्ये जाऊन तेवढ्यापुरता बंद करा. विंडोज ११ टाकणार असाल तर काम झाल्यावर पुन्हा चालू करा.

फाइलच येत नाही

"पीएक्सई-ई३२" म्हणजे टीएफटीपीने उत्तरच दिलं नाही. सेवा बंद आहे, फायरवॉल अडवतो आहे, किंवा मशीनला सर्व्हरचा चुकीचा पत्ता सांगितला गेला आहे. टीएफटीपीचा पोर्ट युडीपी ६९, डीएचसीपीचा ६७, प्रॉक्सीसाठी ४०११. हे तीन उघडे ठेवा. दुसऱ्या लॅपटॉपवरून फाइल मागवून तपासता येतं, पण त्या लॅपटॉपचा फायरवॉल तेवढा वेळ बंद ठेवा, कारण टीएफटीपीचं उत्तर वेगळ्याच पोर्टवरून येतं आणि तुमचाच फायरवॉल ते फेकून देतो.

फाइल सापडली नाही असा निरोप, किंवा नव्या मशीनवर फाइलचा आकार शून्य, म्हणजे नाव चुकलं. लिनक्स सर्व्हरला लहान आणि मोठी लिपी वेगळी दिसते, एका अक्षरानेही अडतं. नाव हाताने टाइप करू नका, कॉपी करा.

आयपीएक्सई सुरू होते आणि अडकते

आयपीएक्सई म्हणजे उतरवून घेतलेली ती छोटी बूट फाइलच. निळसर-पांढऱ्या अक्षरांत तिचं नाव दिसलं की अर्धी लढाई जिंकली. इथे ती पुन्हा आयपी मागते. तिथे अडकली तर वर सांगितलेला मॅनेज्ड स्विचचा उपाय करून बघा. तीच फाइल पुन्हा पुन्हा उतरत राहिली, तर डीएचसीपी आयपीएक्सईलाही तीच फाइल देतो आहे. ती आल्याचं ओळखून पुढची मेनूची फाइल द्यायला त्याला सांगावं लागतं.

एक प्रकार आपल्या भागात वारंवार होतो. सकाळी सगळं चालू असतं. दुपारी लाइन जाते, राउटर बंद होतो, परत येतो आणि सर्व्हरला नवा आयपी देतो. फॉगमध्ये इन्स्टॉल करतानाचा पत्ता फाइलींत लिहून ठेवलेला असतो. मशीन जुन्याच पत्त्यावर जातात आणि कनेक्शनची वेळ संपली म्हणतात. तुम्ही काहीच बदललेलं नसतं, म्हणून मन मानत नाही. सर्व्हरला पहिल्या दिवशीच पक्का पत्ता द्या, उदाहरणार्थ १९२.१६८.१.५, आणि राउटर जे पत्ते वाटतो त्यांच्या बाहेरचा निवडा. आणि सर्व्हर व स्विच दोन्ही एकाच यूपीएसवर घ्या. लोक सर्व्हरला यूपीएस देतात आणि स्विच विसरतात.

विंडोजची छोटी आवृत्ती चालू झाली आणि नेटवर्क नाही म्हणाली तर तिच्यात त्या लॅन कार्डचा ड्रायव्हर नाही. शिफ्ट आणि एफ१० दाबून काळी खिडकी उघडा, आयपीकॉन्फिग चालवा. काहीच दिसलं नाही तर ड्रायव्हर घालून बूट इमेज पुन्हा बनवा. डिस्कच दिसत नसेल तर बायोसमध्ये साटाचा, म्हणजे हार्ड डिस्कच्या जोडणीचा, प्रकार रेडवर आहे का बघा, एएचसीआयवर आणा.

वेळेचा हिशेब

१५ जीबीची इमेज १०० एमबीपीएसच्या स्विचवरून एका मशीनला साधारण २३ मिनिटं घेते. वीस मशीन एकदम लावली तर सर्व्हरची एकच वायर सगळ्यांत वाटली जाते आणि साडेसात तासांहून जास्त लागतात. तेवढा वेळ लाइन टिकेल का, तुम्हीच जाणता. गिगाबिट स्विच घ्या, किंवा मल्टिकास्ट वापरा, म्हणजे एकदाच पाठवलेलं सगळे ऐकतात. मल्टिकास्टमध्ये सगळ्यात मंद मशीन बाकीच्यांना मागे ओढतं, ते वेगळं काढा. आणि वीस लावण्याआधी एक मशीन पूर्ण करून, डिस्कवरून बूट करून बघा. मगच बाकीची.

काम झालं की

प्रत्येक मशीनमध्ये बूटचा क्रम पुन्हा हार्ड डिस्कवर आणा. नेटवर्क पहिलं राहिलं आणि सर्व्हर चुकून चालू झाला तर मुलांचं काम पुसलं जाऊ शकतं. सर्व्हरचा डीएचसीपी बंद, मग राउटर जोडायचा, मग कार्यालयाची वायर. लिपिकांना समोर बसवून त्यांचं रोजचं काम उघडून बघू द्या आणि मगच निघा.

जळलेल्या पोर्टचं १७ नंबरचं मशीन तेवढं उरलं होतं. त्याची हार्ड डिस्क काढली, शेजारच्या त्याच मॉडेलच्या १६ नंबरात लावली, नेटवर्कवरून इमेज टाकली, परत १७ मध्ये बसवली. मशीनचं नाव बदलायचं तेवढं लक्षात ठेवावं लागतं, नाही तर एका नावाची दोन होतात. इंटरनेटसाठी त्याला यूएसबीचं लॅन कार्ड लावलं. संध्याकाळी सहाला मुख्याध्यापकांनी स्वतः बटण दाबलं आणि पडदा उजळेपर्यंत खुर्चीच्या पाठीला धरून उभे राहिले. "झाले ना वीसच्या वीस?" त्यांनी विचारलं. झाले होते.